रोमच्या पुस्तकातला रखमाजी

रायभानच्या थोरल्या लेकीचं, इंद्रायणीचं, लग्न परतूरच्या स्थळाशी झालं ते शके अठराशे साठच्या वैशाखात. इंग्रजी हिशेबानं अडतीस साल. दारापुढचा मांडव अजून निघाला नव्हता, त्यावरचे डहाळे वाळून खडखडत होते, पाहुण्यांतल्या दोन म्हाताऱ्या जायचं नाव घेत नव्हत्या, आणि अशात एका दुपारी वाचनालयाचा शिपाई कडूबा जुन्या जालन्यातल्या रायभानच्या घोंगड्यांच्या दुकानात आला आणि त्याच्या मांडीवर एक पुस्तक टाकून म्हणाला, “घे बाबा. आलं तुमचं रोम. पुण्याहून गठ्ठा आलाय छापून. मास्तर म्हनले, पहिली परत रायभानला नेऊन दे, त्याच्या वडलांचं नाव हाय त्यात. खुणेला काडी बी घातलीय.” कडूबा बरीच वर्षं वाचनालयातली पुस्तकं झाडत होता आणि त्याला एक अक्षर येत नव्हतं. तो तिथंच उंबऱ्यावर टेकला. नाव कसं दिसतं ते त्याला पाहायचं होतं.

रायभाननं हाताला लागलेली चिंचोक्याची खळ धोतराला पुसली आणि काडीवर पुस्तक उघडलं. त्याला अक्षर चाळिशी उलटल्यावर आलं होतं. जन्माचा शिकलेला माणूस ओळ एका नजरेत गिळतो. रायभान अजून बोट ठेवून, ओठ हलवत, एकेका शब्दाला धरून वाचायचा. त्यामुळं ती शिवी त्याला एकदम लागली नाही. ती हळूहळू आली. ‘ज्या लोकांत मनुष्य अद्याप जनावरापासून पुरता वेगळा झालेला नाही, त्यांच्यातच अशा कथा उपजतात.’ इथवर तो खुशीत होता. त्याला वाटलं, कुण्या दूरच्या लोकांबद्दल चाललंय. ‘आमच्या जालन्याकडील रखमाजी नामक धनगर लहानपणी मेंढीस लुचून वाढला असे सांगतात, व तो तिला आजही आई म्हणतो. प्रारंभीचे रोमन असेच असले पाहिजेत. सुदैवाने ते तसेच राहिले नाहीत.’ त्याचं बोट ‘सुदैवाने’वर थांबलं. मागं आलं. पुन्हा ‘जनावरापासून’वर गेलं. आपल्याच वाचण्यात खोट असेल म्हणून त्यानं पुन्हा एकदा पहिल्यापासून अक्षर अन् अक्षर जोडून पाहिलं. अक्षरं बराबर होती. कान तापले. दुकानातला लोकरीचा वास, जो जन्मापासून नाकात होता आणि म्हणून कधी येत नसे, तो एकाएकी यायला लागला.

“सापडलं का नाव?” कडूबा म्हणाला.

“सापडलं.”

“दाव की.” रायभाननं बोट ठेवलं. कडूबानं वाकून त्या चार अक्षरांकडं देवाकडं पाहावं तसं पाहिलं आणि खरोखरच हात जोडले. “नशीबवान माणूस. आमचा बाप मेला, चौकीच्या रजिस्टरात सुदीक आला न्हाई.”

दुकान तसंच टाकून रायभान मस्तगडाच्या बाजूला चालायला लागला. पुस्तक लिहिणाऱ्या मास्तरांचं घर तिकडं नव्हतं. पण पाय तिकडं गेले आणि त्यानं जाऊ दिले. धान्याच्या दुकानांपुढं हमाल सावलीला पडले होते. कुणी हाक मारली, “रायभानभाऊ, लेकीचं झालं का नीट?” तो हो म्हणाला. डोक्यात ती ओळ एखाद्या कुसळासारखी शिरली होती, जिकडं वळावं तिकडं टोचणारी. शिवी त्यानं काय ऐकली नव्हती? पोरपणी बापाच्या मागं कळपाबरोबर हिंडताना गावोगावच्या पाटलांनी, राखणदारांनी घातलेल्या शिव्या तो आजही एका दमात म्हणून दाखवू शकला असता. पण त्या तोंडच्या होत्या. तोंडाला वास असतो, तोंड दारू पितं, उद्या तेच तोंड मेंढराच्या दुधासाठी गोड बोलत येतं. ही छापलेली होती. ही परतूरला जाईल, औरंगाबादला जाईल, पुण्यात तर आहेच. ज्याला रखमाजी कोण ते माहीत नाही, तो माणूस चहा पीत पीत वाचेल, की जालन्याकडं एक आहे, अजून जनावरातून पुरता बाहेर न आलेला.

आणि हे बद्रीनाथ मास्तरांनी लिहावं. दुसरं कुणी असतं तर रायभाननं त्याला बाजारात धरला असता. मास्तर चांगल्या जमीनजुमल्याच्या घरचे, शिकलेले, पण त्यांनीच वाचनालयाच्या ओट्यावर संध्याकाळचा वर्ग काढला. रायभानचं लोकरीनं राठ झालेलं बोट आपल्या हातात धरून त्यांनी धुळीत ‘र’ काढला होता. बाटेल म्हणून हात आखडला नव्हता. पहिल्यांदा स्टेशनावरची पाटी वाचली तेव्हा रायभान तिथंच हमालांपुढं ढसाढसा रडला होता, आणि दुसऱ्या दिवशी ते ऐकून मास्तरांचेही डोळे भरले होते. ते खोटं नव्हतं. हाच तर त्रास. माणूस पुरता वाईट असला म्हणजे राग सुखानं करता येतो. “तुम्हा लोकांना अक्षर आलंच पाहिजे,” असं मास्तर वर्गात म्हणायचे, आणि तेव्हा रायभानला त्यातलं ‘अक्षर’ तेवढं ऐकू यायचं. आज रस्त्यानं चालताना पहिल्यांदाच त्याला त्यातलं ‘तुम्हा लोकांना’ ऐकू आलं.

रोम त्याला मास्तरांनीच दिलं. ते इंग्रजी पुस्तकं पुढ्यात घेऊन मराठीत लिहायचे, आणि लिहिलेलं दर आठवड्याला ओट्यावर वाचून दाखवायचे. आपल्या पैठणचं तलम कापड समुद्रावरून रोमला जायचं आणि तिथल्या बायका ते नेसून मिरवायच्या, हे ऐकून ओट्यावरचे विणकर दिवसभर छाती काढून हिंडले होते. रोमनं दगडी सडका बांधल्या त्या अजून आहेत. रोमनं कायदा लिहून चौकात लावला, म्हणून आजचा वकील कोर्टात उभा राहतो. “ऑगस्टात कापसाचा सौदा करता ना?” मास्तर म्हणायचे. “तो ऑगस्ट म्हणजे रोमचा बादशहा. मरून दोन हजार वर्षं होत आली, आणि जालन्याच्या अडत्याच्या तोंडात अजून त्याचं नाव आहे. याला म्हणतात टिकणं.” सरकारी कागदाचे फसली महिने वेगळे, पंचांगाचे वेगळे, रेल्वेचे इंग्रजी वेगळे, त्यांतला एक मेलेल्या राजाच्या नावानं चालतो, याचं रायभानला फार दिवस नवल वाटत राहिलं. पण सगळ्यांत खोल गेली ती सुरुवातीची गोष्ट. जुळी पोरं, नदीत सोडलेली. लांडगीनं त्यांना पाजलं. एका मेंढपाळानं उचलून घरी नेलं, त्याच्या बायकोनं वाढवलं. त्यांनी मग टेकडीवर गाव वसवलं आणि त्या गावानं जगावर राज्य केलं. वसंतात तिथले मेंढपाळ गवताच्या जाळावरून मेंढरं उडवत नेत. हे ऐकताना रायभानच्या अंगावर काटा आला होता. दिवाळीच्या पाडव्याला बाप लेंड्यांच्या राशीपुढं दूध उतू घालवायचा आणि धुमसत्या गोवऱ्यांवरून मेंढरं उडवायचा, ते त्यानं पोरपणापासून पाहिलं होतं. तो पळत घरी गेला होता, चाळिशीतला माणूस, पोरासारखा पळत, की आबा, रोम धनगरांनी वसवलं.

रखमाजीनं सगळं ऐकून घेतलं होतं आणि मान हलवली होती. “बाकी समदं पटलं. लांडगी न्हाई पटली. लांडगी पोरं खाती, पाजती व्हय? मास्तरला इचार, मेंढी असंल.” आणि मग त्यानं आपली गोष्ट काढली होती, घरात सगळ्यांना माहीत असलेली. इसवी अठराशे शहात्तरच्या मोठ्या दुष्काळात त्याची आई, तो पाठीवर बांधलेला असतानाच, वाटेत मेली. बापानं त्याला नुकत्याच व्यालेल्या मेंढीच्या कासेला लावलं. तिचं कोकरू मेलं होतं. तिनं याला चाटलं आणि उभी राहिली. तो जगला. त्या दुष्काळात कळपातली बाकी मेंढरं विकली गेली, खाल्ली गेली, पण ती मेंढी म्हातारी होऊन मेली, आणि रखमाजी जन्मभर तिला आई म्हणत आला, जसं कुणीही आईला म्हणेल. रायभाननं हे मास्तरांना सांगितलं तेव्हा मास्तर एवढे खूश झाले की स्वतः घरी आले, घोंगडीवर बसले, रखमाजीच्या हातचं दूध प्याले. “असं म्हणता? मग? मग काय झालं?” असं विचारत राहिले. रायभानच्या बायकोला, गोपिकाबाईला, मागाहून म्हातारा म्हणाला होता, “सूनबाई, माझ्या जन्मात कुणी मला मंग काय झालं म्हनून इचारलं न्हवतं.” तेव्हापासून आळीत येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगणं चालू होतं, की रोमच्या पुस्तकात माझं नाव येऊन राह्यलं.

उन्हं कलल्यावर रायभान मास्तरांच्या ओसरीवर पोचला. मास्तर पुस्तकांवर वर्गणीदारांची नावं घालत बसले होते. चेहरा उजळलेला. “ये ये. पाहिलंस का नाव? वडील काय म्हणाले?”

“वडलांना दावलं न्हाई अजून,” रायभान म्हणाला. तो उभाच राहिला. “मास्तर, माझ्या बापाला तुम्ही जनावर लिव्हलं.”

मास्तरांनी चष्मा काढला. त्यांना खरंच कळलं नव्हतं, आणि ते पाहून रायभानला आणखी संताप आला. “अरे, असं कुठं आहे? हा अपमान नाही, शास्त्र आहे. प्रत्येक समाजाची एक पहिली अवस्था असते. माझेही पूर्वज कधी तसेच होते. उलट तुझ्या वडलांना मी कुणाच्या पंगतीला बसवलं बघ. रोमच्या!”

“तुमच्या पूर्वजाचं नाव न्हाई लिव्हलं.”

“त्यांची नावं मला ठाऊक नाहीत, म्हणून.”

“ठावं असती तर लिव्हली असती?”

मास्तरांनी चष्मा पुन्हा डोळ्यांवर चढवला. मग मऊ आवाजात म्हणाले, “रायभान, तू मनाला लावून घेऊ नकोस. पुढची पानं वाच. त्याच मेंढपाळांनी पुढं केवढं राज्य केलं.”

“तेच म्हनून राह्यलो मी.” रायभानचा आवाज चढला, आतून मास्तरीणबाई दारापर्यंत येऊन थबकल्या. “त्यांना तुम्ही पुढलं पान दिलं. पान उलटलं की ते शहाणे व्हत्यात, सडका बांधत्यात, कायदा लिव्हत्यात. माझ्या बापाला त्याच पानावर ठिवलं. का? तो बी शहाणा झाला की. त्यानं मला वाढवलं. मी तुमच्यापुढं उभा राहून तुमचंच वाचून राह्यलो, ते काय जनावर करतंय का?”

“मी तसं कुठं म्हटलं!”

“मंग एक करा. चिठ्ठी छापा न्हाईतर हातानं लिव्हा, अन् त्या ओळीवर चिकटवा. मागल्या पानावर चुकांची चिठ्ठी लावलीच हाय तुम्ही.”

मास्तरांनी हातातल्या पुस्तकाचं शेवटचं पान उघडलं. रायभानला वाटलं, करतील. “ते शुद्धिपत्र छपाईच्या चुकांचं आहे,” ते शेवटी म्हणाले. “यात चूक कुठली, सांग. ते मेंढीला लुचून वाढले, खोटं आहे का? तिला आई म्हणतात, खोटं आहे का?” रायभाननं मनात एकेक पडताळून पाहिलं. यातलं काहीच खोटं नव्हतं. खरंच होतं, आणि त्या खऱ्याचीच शिवी केली होती, आणि ती कुठून धरून उपटावी ते त्याला कळेना. हातात झाडाचं मूळ न येता नुसता पालाच यावा तसं झालं. तो वळला आणि पायऱ्या उतरला.

वाटेत भेटलेल्या कडूबाला त्यानं सगळं सांगितलं. कडूबानं इकडंतिकडं पाहिलं. “मंग सोपं हाय. त्या पुस्तकात, लोकांनी राजाला गावाबाहेर हाकलला असं बी हाय म्हनं. चौकीच्या अमीनसाहेबांच्या कानावर घाल फकस्त. उद्या समद्या परती जप्त. मास्तर बी आत.” रायभाननं चौकीच्या रस्त्याकडं वळून पाहिलं. ते होऊ शकत होतं. एवढ्यानं होऊ शकत होतं. ओट्यावर राजाच्या हकालपट्टीचा भाग वाचताना मास्तरांनी आवाज बारीक केला होता आणि ऐकणाऱ्या सगळ्यांनी माना खाली घातल्या होत्या; राजा रोमचा असला तरी रोख आपल्याच राजावर आहे ते सगळ्यांना कळलं होतं, आणि रायभानलाही तेव्हा अभिमान वाटला होता. “थू तुझ्या,” तो कडूबाला म्हणाला, आणि खरं तर स्वतःलाच म्हणाला. माझा राग माझा आहे; तो अमीनाच्या हातात देऊन मी मोकळा होऊ काय? पण मग ठेवायचा कुठं, हेही त्याला उमगेना.

घरी म्हातारा मांडवाखाली बसूनच होता. कडूबानं आधीच दवंडी पिटली होती. “आणलं? वाच.”

“उद्या वाचू, आबा.”

“उद्या कामून? वाच.” पाहुण्या म्हाताऱ्या सरकून पुढं आल्या. गोपिकाबाई पदराला हात पुसत दारात आली. रायभानच्या मनात आलं, दुसरंच वाचावं. कुणाला कळणार होतं? रखमाजी नावाचा थोर धनगर, असं वाचावं. पण ज्या अक्षरांसाठी त्यानं उतारवयात धुळीत बोटं घासली, त्यांच्यावर खोटं चढवायला जीभ वळेना. तसं केलं तर मास्तरांचं खरं ठरत होतं, की या लोकांना पुस्तक काय आणि पाला काय. त्यानं जसं होतं तसं वाचलं. आवाज फाटला, ‘सुदैवाने’पाशी तर घोगरा झाला. वाचून त्यानं मान वर केली नाही.

“रखमाजी नामक धनगर,” एक म्हातारी पुटपुटली. “नामक म्हंजी मोठा असंल.”

“मेंढीआईचं बी आलं की,” दुसरी म्हणाली. “बरं झालं बाई. तिचं कोण लिव्हतं!”

रखमाजी डोळे मिटून बसला होता. “पुन्यांदा वाच,” तो म्हणाला.

आणि मग रायभान पावसाळाभर वाचतच राहिला. सोयरे आले की, “रायभान, आण ते पुस्तक.” घोंगडी घ्यायला गिऱ्हाईक आलं की, “रायभान, वाच त्यांना.” ‘जनावरापासून पुरता वेगळा झालेला नाही’ ऐकून माणसं समजुतीनं माना डोलावायची, छापलेलं ते चांगलंच असणार म्हणून. जणू सगळा गाव मिळून त्याच्या बापाला चपला मारत होता आणि बाप त्यांना पान-सुपारी देत होता. ती शिवी ऐकू येणारा अख्ख्या आळीत तो एकटा होता. अक्षरानं त्याला एवढंच दिलं, असं त्याला वाटायचं: आधी शिवी डोक्यावरून जायची, आता घरात येऊन बसते. दर वेळी वाचताना त्याचा जबडा आवळायचा, दर वेळी आवाज वर जायचा, आणि ऐकणारे म्हणायचे, काय जोरात वाचतो. दिवाळीच्या सुमाराला मास्तर सत्याग्रह करून तुरुंगात गेले. लोकांनी हार घातले. रायभानही गर्दीत होता, त्यानंही जयजयकार केला, मनापासून केला. मास्तरांनी त्याला पाहून हात वर केला. आता तर कुणापाशी बोलायचीही सोय राहिली नाही. तुरुंगात बसलेल्या माणसाविरुद्ध तोंड उघडणारा कोणाच्या बाजूचा म्हणायचा? राग आत वळला आणि तिथं शिळा होत बसला.

पुढच्या उन्हाळ्यात रखमाजी खाटेला लागला. खाणं तुटलं. एका दुपारी घरात दोघंच असताना तो म्हणाला, “वाच रे.”

“न्हाई, आबा.” रायभानला वाटलं आपण ओरडतो आहोत, पण शब्द हळूच निघाले. “आता म्या ते न्हाई वाचणार. तुला सांगितलं न्हाई मी. त्यात तुला जनावर म्हनलंय. बाकीचे सुधरले, हा तसाच राह्यला, असं म्हनलंय.”

“ठावं हाय,” रखमाजी म्हणाला.

रायभान खाटेशी सरकला. “कवापासून?”

“पहिल्या खेपेपासून. मला अक्षर येत न्हाई. कान हाईत ना.”

“मंग वर्षभर माझ्याकडून कामून वाचून घेतलं? लोकाला कामून ऐकवलं? मला काय व्हत व्हतं ते दिसत न्हवतं तुला?”

“दिसत व्हतं की.” म्हाताऱ्यानं श्वास घेतला. “तेच पाहत व्हतो. लई ऐकून घेतलं मी जन्मात. पाटलाचं, चौकीवाल्याचं, बाजारातल्या पोराटोरांचं. म्या कवा चिडलो न्हाई. चिडायचं असतं हेच ठावं न्हवतं. अन् माझ्यासाठी दुसरं कोण चिडणार? तू वाचताना तुझा आवाज असा वर जातो. म्हनलं, हे माझ्यापायी हाय. ऐकू दे मला.” मग तो म्हणाला, “मास्तर बी वंगाळ न्हाई. त्याला ठावं न्हाई एवढंच. तू काय त्याला सोडू नको पन. वाच.”

रायभाननं पुस्तक घेतलं. त्याला बोट ठेवायची गरज उरली नव्हती. त्यानं वाचलं. कुणासाठी आवाज आवरला नाही, शेजारी ऐकतील म्हणून नाही, आजारी माणूस आहे म्हणून नाही. एकेक शब्द त्यानं दातांनी तोडून टाकल्यासारखा उच्चारला, आणि रखमाजी डोळे मिटून, वाळूत पाणी मुरावं तसं, ते ऐकत राहिला.

त्या पुस्तकाची दुसरी आवृत्ती सेहेचाळीस साली निघाली. रायभाननं वाचनालयात जाऊन ते पान काढून पाहिलं. नदीचं एक नाव दुरुस्त केलं होतं. सडकांवर नवा मजकूर होता. आणि रखमाजीच्या नावाआधी ‘कै.’ घातलं होतं. बाकी ओळ तशीच होती. तो तिथूनच मास्तरांच्या ओसरीवर गेला आणि पायरीवर उभं राहून, चढ्या आवाजात, ती ओळ त्यांना वाचून दाखवली. मग पुढल्या आठवड्यातही गेला.

रखमाजी वारला तो शके अठराशे एकसष्टच्या वैशाखात, अमावास्येच्या आदल्या दिवशी, दुपारी.